गाऊनखाली घालायच्या कपड्यांपायी १६,५०० रुपये गेले

आधीच सांगते, "एवढी शिकलेली, तरी फसलीस कशी?" हे घरात पोटभर ऐकून झालंय. तुम्ही तरी म्हणू नका.

रिसेप्शनचा गाऊन ऑफ-शोल्डर, पाठ खोल, कापड मोतिया रंगाचं. असल्या गाऊनखाली नेहमीची ब्रा चालत नाही. दुकानात गेलं की काउंटरवर पुरुष, आणि साइज आतल्या पोऱ्याला ओरडून सांगणार. म्हणून मोबाइलवर शोधलं आणि 'नवरीसाठी मापाप्रमाणे इनरवेअर शिवून मिळेल' असं पान सापडलं. फोनवर एक बाई बोलायची. गोड, अगदी घरातल्या थोरल्या बहिणीसारखी.

आणि तिला विषय कळत होता हो! त्यामुळेच तर मी अडकले. ती म्हणाली, स्ट्रॅपलेसमध्ये खांद्यावर पट्टे नसतात, सगळा भार छातीखालच्या पट्ट्यावर येतो, म्हणून तिथलं माप श्वास सोडून घ्या. फिक्या कापडाखाली पांढरं घालू नका, उठून दिसतं, अंगाच्या रंगाचं घ्या. चिकटणारे सिलिकॉनचे कप घामाने सुटतात, स्टेजवरच्या दिव्यांखाली तासन्‌तास उभं राहायचं असेल तर नकोच. बारीक दिसायचं म्हणून शेपवेअर (पोट-कंबर आवळून धरणारा आतला कपडा) एक साइज लहान घेऊ नका, बसलं की पोट आवळून जेवण वर येतं. यातलं एक अक्षर खोटं नाही. गाऊन शिवणाऱ्या टेलरकाकूंनीही नंतर हेच सांगितलं. जिला एवढं कळतं ती चोर असेल असं कुणाच्या मनात येईल?

स्ट्रॅपलेस ब्रा, लो-बॅक बॉडीसूट आणि शेपवेअर मिळून ६,८०० रुपये. अर्धे आगाऊ, म्हणजे ३,४००.

आता खात्यावरच्या नावाची गोष्ट. यूपीआयने पैसे पाठवताना स्क्रीनवर समोरच्याचं बँकेत नोंदलेलं नाव येतं. पानाचं नाव नाजूक, बायकी, इंग्रजी आणि स्क्रीनवर आलं एका पुरुषाचं. नुसतं नाव आणि आडनाव. माझा अंगठा थांबला होता. मी तिला विचारलंसुद्धा! "दीदी, ते आमच्या अकाउंटंटचं खातं आहे, जीएसटीचं काम चालू आहे ना." तो क्षण आजही रात्री डोळ्यांसमोर येतो. विचारायचं सुचलं, उत्तर मिळालं, आणि ते पटलंही. लग्न तोंडावर, पत्रिका वाटायच्या राहिलेल्या, कोण खोलात जातंय? दुकानाच्या नावाने खातं नसेल तर पैसे पाठवू नका. कारण कितीही शहाणपणाचं वाटो, नाही म्हणजे नाही.

मग उरलेले ३,४००. मग "पार्सलचा विमा, परत मिळतो" म्हणून १,४५०. झाले ८,२५०.

पार्सल आलं, हे नीट वाचा. त्यात दोन विटक्या निकर आणि एक सैल इलॅस्टिकचा पट्टा होता. रिकामं पाठवत नाहीत, काहीतरी पाठवतात. त्यामुळे 'माल पोचला' अशी नोंद होते आणि पुढे जिथे जाल तिथे "तुमचा मालाबद्दलचा वाद आहे" एवढंच ऐकावं लागतं. पार्सल उघडताना व्हिडिओ काढा. मी काढला नव्हता. आपले आतले कपडे उघडताना कोण शूटिंग करतं? त्यांना हे पक्कं ठाऊक असतं.

फोन केला तर "दीदी, इनरवेअर परत घेत नाही, स्वच्छतेचा प्रश्न आहे." साफ खोटं. २०२० च्या ई-कॉमर्स नियमांप्रमाणे माल सदोष असेल किंवा सांगितल्यासारखा नसेल तर विक्रेत्याला तो परत घ्यायला नकार देता येत नाही. हे ऐकवल्यावर लगेच नरमली आणि मला 'रिफंड विभागा'कडे जोडलं. तिथल्या माणसाने क्यूआर कोड पाठवला. स्कॅन केला, पिन टाकला, ८,२५० यायच्या ऐवजी आणखी ८,२५० गेले. पैसे घ्यायला पिन लागत नाही, हे मी स्वतः बाबांना शंभरदा सांगितलंय. पण आधीचे पैसे अडकलेले, मागे घरात पाहुणे, कानात तो माणूस "लवकर करा मॅडम, लिंक बंद होईल" म्हणतोय. घाई करायला लावतो तो चोर, एवढं लिहून ठेवा.

पोलीस ठाण्यातला प्रसंग तर विसरता येत नाही. भरल्या खोलीत हवालदार मोठ्याने विचारतात, "नेमकं काय मागवलं होतं?" मी म्हटलं, कपडे. "कसले कपडे?" बाकावरची माणसं माना वळवून बघायला लागली. सांगितलं. तर हसले. "ताई, माल आलाय ना? मग हा दिवाणी मामला." दुसऱ्या ८,२५० चं काय? "पिन तुम्हीच टाकलात." बँकेतही तेच पालुपद, पिन तुमचा म्हणजे व्यवहार तुमचा. अहो, गळ्यावर सुरी ठेवून दागिने काढून घेतले तरी हुक आम्हीच उघडतो ना! पुन्हा ठाण्यात गेले तर वेगळे साहेब. पुरावा म्हणून वस्तू घेऊन या म्हणाले. त्या निकर पिशवीत घालून मी ठाण्यात गेले, तर म्हणे सायबरवाल्यांकडे जा. सायबरवाले म्हणे आधी ठाण्याचा कागद आणा. त्या पानाची तिथल्या तिथे ऑनलाइन तक्रार केली तर 'नियमांचं उल्लंघन आढळलं नाही' असं उत्तर आलं. मग उल्लंघन म्हणतात तरी कशाला?

हा माल ते मुद्दाम निवडतात. साडी किंवा दागिना असता तर मी चारचौघांत तावातावाने बोलले असते. आतल्या कपड्यांसाठी नवरी मुलगी कुठे बोंबलणार, सासरी कळलं तर काय, हा त्यांचा हिशोब. मीही याच लाजेपायी उशिरा बोलले आणि तोवर पैसे पुढच्या खात्यात गेले. पैसे गेल्याचं कळताच, ठाण्यात जायच्याही आधी १९३० ला, म्हणजे ऑनलाइन फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला, फोन लावा. समोरच्या खात्यात रक्कम असेपर्यंतच ती गोठवता येते. मालाची तक्रार १९१५ वर, ती राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही किंवा दिलेलं पटलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. ५ लाखांपर्यंतच्या व्यवहारासाठी ग्राहक आयोगात शुल्क नाही. तिथे आमचे कागद तयार होतायत. तक्रारीत 'अंतर्वस्त्रे' हाच शब्द लिहा, 'कपडे' लिहिलं की परत सगळं पहिल्यापासून विचारतात.

आणि हो, "फिटिंगसाठी फोटो पाठवा" असंही ती म्हणाली होती. मी पाठवला नाही. कुणीही पाठवू नका, नुसते आकडे द्या. ती विनोदाने मागत नव्हती.

टेलरकाकूंनी शेवटी गाऊनच्या आतच कप शिवून दिले, शिवाय कमरेला आतून रुंद पट्टा लावला. ३५० रुपये. बसून, वाकून, हात वर करून ट्रायल घेतली, काही हललं नाही.

ते पान आता दुसऱ्या नावाने चालू आहे. फोटो तेच, मागचा हिरवा पडदाही तोच. "दीदी, श्वास सोडून टेप धरा" म्हणणारी बाई फोनवर आली की बोलत बसू नका, ठेवा.