सरकारी वकील भरतीचा क्लास, सात रस्ता: शिकवणं दमदार, नोट्स शिळ्या

सहायक सरकारी अभियोक्ता परीक्षेसाठी सोलापुरात हा क्लास घेण्याजोगा आहे. सगळ्यात रंगतो तो पुराव्याचा तास. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत लागणारं, नव्या साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र फळ्यावर भरून दाखवतात: भाग 'अ' उपकरण ज्याच्या ताब्यात त्याचा, भाग 'ब' तज्ज्ञाचा, दोन्हीत हॅश व्हॅल्यू (फाइलचा डिजिटल ठसा). 'ब' राहिला की सीसीटीव्हीच्या पेनड्राइव्हवर बचावपक्ष हरकत घेणारच. छापील नोट्समध्ये मात्र अजून जुन्या पुरावा कायद्याचं कलम ६५ ब! नवे कायदे १ जुलै २०२४ पासून लागू आहेत, एवढं तरी बदला राव.

करिअरचा तासही चांगला. रॉबर्ट म्युलर कॅलिफोर्नियात फेडरल सरकारी वकील होते, २००१ मध्ये अमेरिकेची तपास यंत्रणा एफबीआयचे संचालक झाले. १० वर्षांची मुदत तिथल्या संसदेने २ वर्षं वाढवली. आपल्याकडे ती वाट बंद, कारण सीबीआय संचालक आयपीएसमधूनच निवडतात. वकिलासाठी वरची खुर्ची म्हणजे अभियोग संचालक, सरकारी वकिलांच्या यंत्रणेचा प्रमुख: नागरिक सुरक्षा संहिता (फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा), कलम २०, किमान १५ वर्षं वकिली, किंवा सत्र न्यायाधीशपदाचा अनुभव.

सराव चाचण्या कमी आहेत, त्या बाहेरून घ्या. संध्याकाळच्या बॅचला गाडी लावायला जागा मिळत नाही.