बागेत पांढरं उडतंय, पण ते नक्की कोण? फवारणीआधी एवढं बघा

झाडाला धक्का लागला, पांढरं काहीतरी भुर्रकन उडालं, की आपला हात लगेच फवारणीच्या बाटलीकडे जातो. प्लीज जरा थांबा, पांढऱ्या रंगाचे बरेच जण असतात आणि एकाचं औषध दुसऱ्याला लागू पडत नाही.

सगळ्यात जास्त घोळ पांढऱ्या माशीचा होतो. ती माशीही नाही आणि पतंगही नाही, मावा-तुडतुड्यांच्या भाऊबंदातली रस शोषणारी कीड आहे, जेमतेम १ ते २ मिमीची. फांदी हलवली की पिठासारखी उधळते आणि परत पानाखाली जाऊन बसते. तिच्यामुळे पान चिकट होतं, मग त्यावर काळी बुरशी धरते. पतंगाचं उलट, पतंग स्वतः पान खातच नाही, त्याची अळी खाते, त्यामुळे तिथे भोकं दिसतात, कुरतडलेल्या कडा दिसतात, खाली काळ्या लेंड्या पडलेल्या असतात. म्हणजे पान चिकट की भोकाचं एवढं बघितलं तरी अर्धं काम झालं. चिकट असेल तर पिवळे चिकट सापळे लावा आणि पानाच्या खालच्या बाजूला साबणाचं पाणी मारा. अळी असेल तर बीटी पावडर (पोटात गेल्यावर अळीला मारणाऱ्या जिवाणूंची), पण ती अळी लहान असतानाच, आणि पांढऱ्या माशीवर बीटीचा काहीच उपयोग नाही कारण ती पान चावून खात नाही.

दिवसा कोबी, मुळा, मोहरीवर घिरट्या घालणारं पांढरं म्हणजे बहुतेक फुलपाखरूच. मिशांच्या टोकाला गाठ असते आणि बसलं की पंख वर मिटतं. पतंगाच्या मिशा दोऱ्यासारख्या नाहीतर पिसासारख्या. त्यातही छोटं पांढरं एकेक अंडं घालतं आणि मोठं पांढरं पिवळ्या अंड्यांचा पुंजकाच, तो बोटाने चिरडला तरी भागतं.

आता खरे पतंग. काकडी, दोडका, भोपळ्याच्या वेलावर असेल तर पंखांची कड बघा. मधे पांढरं, जरा आरपार दिसणारं आणि भोवती रुंद काळपट पट्टा, हा काकडीवरचा पतंग. मी एकदा पानाच्या मागे बसलेला बराच वेळ बघत होते, शेपटीच्या टोकाला केसांचा झुपका असतो ना, तो छोट्या ब्रशसारखा सारखा गोल गोल हलवत होता. एकदा बघितलं की विसरणं शक्य नाही! याची अळी हिरवी, पाठीवर दोन पांढऱ्या रेघा, पान गुंडाळून आत राहते आणि कोवळी फळंही पोखरते. याच्याकडे दुर्लक्ष नको, गुंडाळलेली पानं उघडून अळ्या वेचा.

इंग्रजी टी सारखा, हात पसरून बसलेला आणि पंख पिसांसारखे फाटलेले दिसले तर तो पिसपंखी पतंग. त्याची अळी हरणखुरीसारख्या तणावर वाढते, भाजीला काही करत नाही. त्याला मारू नका खरंच, इतका नाजूक असतो.

जाड, केसाळ, पांढऱ्या पंखांवर काळे ठिपके आणि पोट पिवळं असेल तर एर्मिन. त्याचे सुरवंट बहुतेक तणांवरच वाढतात, म्हणून त्यालाही राहू द्या.

खरी पंचाईत दोन पतंगांची, जाळेवाल्या वेबवर्मची आणि ब्राऊनटेलची, कारण दोघंही पांढरे आणि दोघांचेही सुरवंट फांदीवर जाळी करतात. पतंगावर काचेचा ग्लास पालथा घाला, खालून कागद सरकवा आणि पोटाकडून बघा. शेपटीला दाट तपकिरी झुपका असेल तर ब्राऊनटेल. त्याच्या सुरवंटाचे केस अंगाला लागले की भयंकर खाज आणि पुरळ येते, श्वासालाही त्रास होऊ शकतो, म्हणून उघड्या हाताने जाळं अजिबात ओढू नका. सुरवंटाच्या पाठीवर शेपटीकडे दोन केशरी ठिपके दिसतात.

पतंग सापडलाच नाही तर जाळं कधी दिसतंय ते बघा. वेबवर्मची जाळी उन्हाळा-शरदात फांदीच्या टोकाला पानांसकट गुंडाळलेली असतात आणि थंडीत तो कोषात असतो. ब्राऊनटेलचे छोटे सुरवंट मात्र थंडीभर त्या घट्ट जाळ्यातच राहतात, त्यामुळे पानं झडलेल्या फांदीच्या टोकाला असं जाळं दिसलं तर हातमोजे, पूर्ण बाह्या, डोळ्याला चष्मा, आणि फांदी जाळ्यासकट कापून साबणाच्या पाण्यात बुडवून ठेवा.