ग्लास पेंटिंगचे रंग: दहा महिने वापरल्यानंतर

गेल्या दिवाळीच्या आधी थिनरचे (पाण्याऐवजी थिनरमध्ये विरघळणारे) ग्लास कलर आणि काळ्या आउटलायनरच्या, म्हणजे चित्राची जाड बाह्यरेघ काढायच्या रंगाच्या, दोन ट्यूब घेतल्या. तेव्हापासून देवघराच्या दाराच्या दोन काचा, एक फ्रेम आणि पाण्याचे चार ग्लास रंगवून झाले. मध्ये पावसाळाही गेला, म्हणून आता लिहिते.

रंग सुरेख आहेत. सकाळच्या उन्हात निळा आणि लाल फरशीवर उतरतात, तेव्हा आई हातातलं काम ठेवून बघत राहते. पिवळा मात्र फिका आहे.

पण काम बिघडतं किंवा साधतं ते आउटलायनरवर. रेघ केसाएवढी तुटली तरी रंग शेजारच्या कप्प्यात शिरतो. मोराच्या मानेत हिरवा असाच निळ्यात गेला आणि अख्खी मान ब्लेडने खरवडून पुन्हा काढावी लागली. आता रेघ वाळली की काच उजेडाकडे धरून एकेक कप्पा तपासते. ट्यूबचं टोक काचेवर घासायचं नाही, किंचित वर धरून रेघ दोऱ्यासारखी खाली सोडायची. टोक सारखं फडक्याला पुसायचं, नाहीतर पुढच्या रेघेच्या सुरुवातीलाच गुठळी बसते. काच आधी स्पिरिटने पुसा. बोटाचा तेलकट ठसा राहिला तर तिथे रेघ धरत नाही.

रंग भरताना ब्रश फिरवू नका. थेंब सोडून तो कडेपर्यंत ढकला, बुडबुडा ओला असतानाच सुईने फोडा आणि काच रात्रभर आडवी ठेवा. वास उग्र असतो, खिडक्या उघड्या हव्यात आणि जवळ गॅस किंवा समई नको.

तक्रार ग्लासांबद्दल. खोक्यावर 'धुता येतं' असं छापलं होतं, पण घासणीने दोन महिन्यांत पाकळ्या सुटल्या. रोज धुवायच्या भांड्यांसाठी भाजायचे रंगच घ्यावेत. पेबिओ कंपनीचे विट्रिया 160 हे त्यातले: 24 तास वाळवून ओव्हनमध्ये 160 अंश सेल्सिअसवर 40 मिनिटं भाजायचे.

फ्रेमसाठी उलटं चित्र केलं. 18व्या शतकात चीनमधल्या कॅन्टनहून पश्चिम भारतात अशी काचचित्रं येत. काचेच्या मागच्या बाजूने रंगवायचं, म्हणून डोळ्यातली चमक आणि नथीचा मोती आधी, चेहऱ्याचा रंग नंतर, पार्श्वभूमी सगळ्यात शेवटी. नथ डावीकडे हवी असेल तर कच्चं चित्र उलटं करून काचेखाली ठेवा. याला मात्र ॲक्रिलिक वापरले. मोकळ्या राहिलेल्या काठामागे चुरगळलेली फॉइल लावली, ती संध्याकाळी दिव्यात जरीसारखी चमकते.

रंगाच्या बाटल्या अजून निम्म्या आहेत. आउटलायनर दोन्ही संपले. या वेळी चार आणणार आहे.