कातकरी वस्तीवरचं दाखला शिबिर: येणं चांगलं, तयारी कच्ची

वाई, जावळी, महाबळेश्वर भागातल्या कातकरी वस्त्यांसाठी आधार, रेशनकार्ड, बँक खातं आणि जमातीचा दाखला एकाच मांडवात देणारी सरकारी शिबिरं भरतात. १५ नोव्हेंबर २०२३ ला अतिदुर्बल आदिवासी जमातींसाठीची केंद्राची पीएम-जनमन योजना सुरू झाल्यावर त्यांना जोर आला. महाराष्ट्रातल्या कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड या तीन जमाती तीत आहेत. तालुक्याला जायचं तर रोज बुडतो, वर गाडीभाडं. म्हणून कचेरीच वस्तीवर येणं ही मोठी सोय आहे.

आधारचं काम ठीक होतं. विटा थापून बोटांच्या रेषा झिजलेल्या असतात, अंगठा उमटत नाही. डोळ्याचं स्कॅनर सोबत असेल तर काम होतं, नसेल तर माणूस तसाच परत जातो. स्कॅनर येणार आहे का, हे आदल्या दिवशीच विचारून घ्या.

खरी अडचण जमातीच्या दाखल्याची. अर्ज घेतात आणि पुरावे नंतर आणा म्हणतात. अनुसूचित जमातीसाठी पूर्वज ६ सप्टेंबर १९५० पूर्वीपासून राज्यात राहत होते हे दाखवावं लागतं. आजोबा शाळेत गेले नाहीत, सातबारा कधी नव्हता. मग कागद आणायचा कुठून? तो सापडलाच तर बहुधा तहसील कचेरीच्या अभिलेख कक्षात सापडतो. गाव नमुना १४, म्हणजे जुनं कोतवाल बुक, त्यात जन्म-मृत्यूच्या नोंदीसमोर जात लिहिलेली असते. जुनी पानं पुष्कळदा मोडीत असतात, आडनावाचा पत्ता नसतो, नुसतं नाव आणि बापाचं नाव. म्हणून आधी वस्तीतल्या म्हाताऱ्यांना विचारून तीन-चार पिढ्यांची वंशावळ लिहून काढा, प्रत्येकाच्या नावापुढे गाव आणि अंदाजे साल टाका. हे हाती नसेल तर मोडी वाचणाराही काही करू शकत नाही.

हा शोध शिबिराच्या आधी कचेरीनेच करायला हवा. दप्तर त्यांच्या ताब्यात आहे आणि शोधायला मात्र रोजंदारीवरच्या माणसाला पाठवलं जातं, हे चूक आहे. नोंद मिळालीच नाही, तर वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाइकाचं जात वैधता प्रमाणपत्र जोडा आणि गृहचौकशीची, म्हणजे घरी येऊन चौकशी करण्याची, लेखी मागणी करा.

सांगलीकडच्या पारधी वस्त्यांनी आणखी एक जपावं. फासेपारधी अनुसूचित जमातीत आहेत, तर पाल पारधी आणि राज पारधी विमुक्त जातींत, आणि तिथे वास्तव्याची तारीख २१ नोव्हेंबर १९६१ आहे. अर्जावर चुकीची नोंद पडली की पुढे मुलाची शिष्यवृत्ती आणि जात पडताळणी दोन्ही अडकतात. सही-अंगठ्याआधी अर्ज मोठ्याने वाचून घ्या.

वेळेचंही चुकतं. दिवाळीनंतर निम्मी वस्ती वीटभट्टीवर किंवा कोळशाच्या भट्टीवर गेलेली असते, त्यामुळे फेब्रुवारीतल्या शिबिराला फक्त म्हातारी माणसं भेटतात. पावसाळा ते दसरा हाच काळ बरा.

पाचपैकी तीन गुण. अर्ज क्रमांकाची पावती घेतल्याशिवाय मांडव सोडू नका. आणि एक टेबल कमी पडतं: जनमनमधून घरकुलाला २ लाख रुपये मिळतात, पण वस्तीखालची जमीन पुष्कळदा दुसऱ्याच्या नावावर असते, आणि जागेचा अर्ज घ्यायला तिथे कोणीच नसतं. पुढच्या शिबिराला ग्रामसेवक (आता ग्रामपंचायत अधिकारी) आणि तलाठी (आता ग्राम महसूल अधिकारी) त्या टेबलावर एकत्र बसवा, अशी लेखी मागणी ग्रामसभेच्या ठरावासह आधीच द्या.