स्मिता पाटील गावात दाखवायची असेल तर: भाड्याची एलईडी वॉल, प्रोजेक्टर आणि तिचे चित्रपट

स्मिता पाटीलचा जन्म पुण्यातला, १७ ऑक्टोबर १९५५ चा. पण घराणं शिरपूरचं, वडील शिवाजीराव पाटील इथल्या राजकारणातले, त्यामुळे धुळे जिल्हा तिला आजही घरचीच मानतो. जयंतीला किंवा १३ डिसेंबरच्या स्मृतिदिनाला एखादं वाचनालय, महिला मंडळ किंवा कॉलेज तिचा चित्रपट दाखवायचं ठरवतं, आणि फोन जातो तो लग्नात एलईडी वॉल लावणाऱ्या मंडपवाल्याला. ही सेवा धुळे, शिरपूर, अमळनेर, चोपडा, शहादा, कुठेही सहज मिळते. वेळेवर येतात, दोन तासांत उभारणी होते, माणसं कष्टाळू आहेत. लग्नासाठी काम चोख. स्मितासाठी मात्र तीच ऑर्डर जशीच्या तशी देऊ नका.

कारण सरळ आहे. स्मिताचा अभिनय चेहऱ्यावरच्या सावलीत आहे. रंग सावळा, मेकअप नावापुरता, आणि कॅमेरामनने प्रकाशही बेताचाच ठेवलेला. ‘उंबरठा’मध्ये (१९८२, दिग्दर्शक जब्बार पटेल, पटकथा विजय तेंडुलकर) स्मिताची सुलभा महाजन घरी परत येते आणि नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई आल्याचं तिला कळतं. तिथे ती रडत नाही, ओरडत नाही. डोळ्यांखालचा भाग जरा ताणला जातो, ओठ मिटतात, एवढंच. हा एवढासा बदल मागच्या रांगेपर्यंत पोचला तर चित्रपट दाखवला असं म्हणायचं.

एलईडी वॉलवर तो पोचत नाही. भाड्याच्या वॉलमध्ये दोन ठिपक्यांतलं अंतर साधारण ३.९ मिलिमीटर असतं, म्हणजे १२ फूट रुंदीत जेमतेम ९०० ठिपके. पहिल्या चार-पाच रांगांना चेहरा जाळीतून पाहिल्यासारखा दिसतो. त्याहून मोठी अडचण उजेडाची. बाहेर वापरायची वॉल दिवसाउजेडी दिसावी म्हणून बनवलेली असते, तिची क्षमता ४,००० निटच्या (पडद्याचा उजेड मोजायचं एकक) पुढे. थिएटरच्या पडद्याला लागतात ५० च्या आसपास. अंधारात डोळ्यांना त्रास होतो म्हणून ऑपरेटर वॉल दोन-तीन टक्क्यांवर आणतो, आणि तिथे काळ्या-करड्या छटांच्या पायऱ्याच शिल्लक राहत नाहीत. गालावरची सावली एक तर सपाट काळी होते, नाहीतर तिचे पट्टे पडतात. वरातीच्या थेट प्रक्षेपणात हे कुणाच्या लक्षात येत नाही. सुलभाच्या चेहऱ्यावर लगेच येतं.

म्हणून प्रोजेक्टर आणि पांढरा पडदाच मागा. बहुतेकांकडे ३,००० ल्युमेनचा (ल्युमेन म्हणजे मशीन एकूण किती उजेड टाकतं त्याचं माप) प्रोजेक्टर गोदामात असतोच, वॉल आल्यापासून तो बाहेर निघत नाही एवढंच. बुकिंगच्या आधी तो चालू करून मेन्यूमध्ये दिवा किती तास जळलाय ते बघा. दिव्याचं आयुष्य साधारण ३,००० ते ५,००० तास धरतात. निम्म्याच्या पुढे गेला असेल तर उजेड बराच उतरलेला असतो, तेव्हा नवा दिवा किंवा दुसरं मशीन मागायला संकोच करू नका.

पडद्याच्या मापावर आयोजक हमखास अडून बसतात. मोठा पडदा म्हणजे मोठा कार्यक्रम, असा समज आहे. हिशेब असा. त्या काळच्या चित्रपटांच्या टीव्हीसाठी काढलेल्या प्रती ४:३ च्या चौकटीत असतात. आजचा प्रोजेक्टर १६:९ चा, त्यामुळे त्याचा पाव उजेड दोन्ही बाजूंच्या काळ्या पट्ट्यांत जातो, ३,००० चे उरतात २,२५०. १२ बाय ९ फुटांचं चित्र म्हणजे १०८ चौरस फूट. दर चौरस फुटाला २० ल्युमेन, ‘सिनेमा’ मोड लावला की १३-१४. थिएटरचं प्रमाणही तेवढंच. हेच चित्र १६ बाय १२ केलं तर उजेड जवळजवळ निम्म्यावर येतो आणि ‘उंबरठा’तल्या महिलाश्रमाच्या खोल्या काळोख्या दिसतात. दीडशे-दोनशे माणसांना १२ फूट पुरतात. प्रोजेक्टरचा थ्रो (पडद्यापासूनचं अंतर चित्राच्या रुंदीच्या किती पट) १.५ असेल तर तो पडद्यापासून २४ फुटांवर येईल (१६ फुटांच्या पूर्ण चौकटीच्या दीडपट). जागा त्या हिशेबाने मोकळी ठेवा.

ऑपरेटरच्या दोन सवयी मोडाव्या लागतात. पहिली, चित्र ताणून पडदा भरायचा. त्याने स्मिताचा लांबट चेहरा रुंद होतो. रिमोटवर ‘ॲस्पेक्ट’ ४:३ किंवा ‘ऑटो’ करायला सांगा. दुसरी, ‘डायनॅमिक’ किंवा ‘ब्राइट’ मोड. त्यात उजेड वाढतो, पण हिरवट झाक येते आणि सावळी त्वचा आजारी दिसते. ‘सामना’ (१९७५) दाखवणार असाल तर हे आणखी खटकेल, कारण तो कृष्णधवल आहे आणि या मोडमध्ये सगळा चित्रपट निळा-हिरवा होतो. त्यात स्मिताचं काम छोटं आहे, चित्रपट निळू फुले आणि श्रीराम लागूंचा. पण साखर कारखानदारीचं राजकारण खानदेशातल्या प्रेक्षकाला समजावून सांगावं लागत नाही, म्हणून यादीत ठेवाच.

आवाजाची बाजू या सेवेत सगळ्यात कच्ची. डीजेचे टॉप आणि बेसचे खोके आणतात. ‘जैत रे जैत’साठी (१९७७) हे घातक आहे. ठाकरांचं जग, नाग्याचा ढोल, ना. धों. महानोरांची गाणी, हृदयनाथ मंगेशकरांचं संगीत. अर्धा चित्रपट गाण्यातूनच पुढे सरकतो. बेस वाढवला की ढोल घुमत राहतो आणि स्मिताच्या चिंधीचे शब्द त्याखाली दबतात. बेसचे खोके बंद ठेवा, मिक्सरवर १०० हर्ट्झच्या खालचं कापा, आणि पडद्याच्या दोन्ही बाजूंना कानाच्या उंचीपेक्षा थोडे वर दोनच स्पीकर लावा. मूळ आवाज मोनो आहे, स्टिरिओचे ‘इफेक्ट’ लावू देऊ नका. लॅपटॉपच्या चार्जरमुळे घूं असा आवाज येत असेल तर तो अर्थिंगचा घोळ असतो. चार्जर काढून पाहा, थांबला तर आयसोलेशन ट्रान्सफॉर्मर मागा. मिक्सरवाल्याकडे बहुधा असतो.

वीज हा आपल्याकडचा जुना प्रश्न. बिलात जनरेटर धरलेला असतो, पण वीज जाऊन जनरेटर लागेपर्यंत दिवा विझतो, आणि तापलेला दिवा गार झाल्याशिवाय पुन्हा पेटत नाही. पाच मिनिटं जातात, लोक उठायला लागतात. प्रोजेक्टर आणि लॅपटॉप १ केव्हीएच्या यूपीएसवर ठेवले की हा प्रश्नच राहत नाही. बहुतेक जण यूपीएस आणत नाहीत, तेव्हा बुकिंगच्या वेळीच लिहून घ्या. जनरेटर निदान १५० फूट लांब आणि वारा प्रेक्षकांकडून ज्या बाजूला वाहतो त्या अंगाला हवा. ‘चिदंबरम’साठी (१९८५) ही अट सोडूच नका. जी. अरविंदन यांचा हा मल्याळम चित्रपट, छायाचित्रण शाजी करुण यांचं, भरत गोपी आणि श्रीनिवासन सोबत. स्मिता त्यात शिवकामी झाली आहे आणि तिला संवाद फार थोडे. कुरणं, वारा, गप्प राहणारी माणसं यांवर चित्रपट उभा आहे. जनरेटरच्या घरघरीत त्याचं काही उरणार नाही.

परभाषेतल्या चित्रपटांकडे आयोजक वळत नाहीत, आणि तिची खरी झेप तर तिथेच दिसते. केतन मेहतांचा ‘भवनी भवाई’ (१९८०) गुजराती, भवाई या लोकनाट्याच्या बाजाचा. नंदुरबार, तळोदा, शहाद्याकडे गुजराती कानावरची आहे, त्यामुळे उपशीर्षकांवाचूनही चालतो. मृणाल सेन यांचा ‘आकालेर संधाने’ (१९८०) बंगाली. १९४३ च्या दुष्काळावर चित्रपट काढायला एक चमू खेड्यात जातो, आणि स्मिता त्यात स्मिता नावाच्याच नटीचं काम करते. बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात त्याला रौप्य अस्वल हा पुरस्कार मिळाला. ही भूमिका पाहिल्याशिवाय तिची कारकीर्द पाहिली असं म्हणता येणार नाही, इतकं मोकळं, बिनमुखवट्याचं काम आहे. याला मात्र मराठी उपशीर्षकं लागतातच.

ती तयार करून देणारा कुणी या सेवेत मिळत नाही, स्वतः करावी लागतात. साधी एसआरटी फाइल (संवाद आणि त्यांच्या वेळा लिहिलेली मजकुराची फाइल), यूटीएफ-८ या अक्षरसंकेतात जतन केलेली. दुसऱ्या कशात केली तर पडद्यावर चौकोन उमटतात. एका ओळीत ३५ अक्षरांच्या पुढे जाऊ नका, एका वेळी दोनच ओळी, आणि दोन ओळी निदान चार सेकंद राहू द्या, कारण आजीबाईसुद्धा वाचणार आहेत. फाइल पेन ड्राइव्हने थेट प्रोजेक्टरला लावू नका. त्यातल्या प्लेअरमध्ये जोडाक्षरं फुटतात आणि वेलांट्या भलत्या अक्षरावर जाऊन बसतात. लॅपटॉपवरूनच चालवा, फाँट मंगल किंवा मुक्ता, रंग फिकट पिवळा. खुर्च्या असतील तर पडद्याची खालची कड जमिनीपासून ५ फूट हवी, नाहीतर पुढच्यांच्या डोक्यांआड खालची ओळ जाते. सतरंजीवर बसणार असतील तर साडेतीन पुरे.

‘भूमिका’ आणि ‘चक्र’ हे तिचे राष्ट्रीय पुरस्काराचे दोन्ही चित्रपट हिंदी, पण मूळ मराठीतलं: एकामागे हंसा वाडकरांचं आत्मकथन, दुसऱ्यामागे जयवंत दळवींची कादंबरी. प्रती मिळायला सोप्या. तिच्याच ‘मंथन’ची नव्याने सुधारलेली ४के प्रत २०२४ मध्ये कान चित्रपट महोत्सवात आणि मग आपल्याकडच्या थिएटरांत आली. जुनी प्रत आणि ही शेजारी ठेवली तर तिने केलेल्या बिंदूच्या चेहऱ्यावर किती काय होतं ते कळतं.

प्रतीबद्दल एक गोष्ट ठाम सांगायची. घरी बघायला घेतलेली डिस्क किंवा फुकटात उतरवलेली फाइल म्हणजे जाहीर प्रयोगाची परवानगी नव्हे. हक्क कुणाकडे आहेत ते शोधून लेखी परवानगी घ्या. पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाकडे, म्हणजे आता एनएफडीसीकडे (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ), चौकशी केली तर निदान पुढचा रस्ता कळतो. यासाठी दोन महिने हाताशी ठेवा.

ऑक्टोबरच्या मध्यावर धुळ्याला सूर्य साधारण सहा-पाचला मावळतो. पावणेसातच्या आधी सुरू करू नका, आणि त्याआधी मैदानावरचे हॅलोजन व शेजारचा पथदिवा बंद होईल याची सोय ग्रामपंचायतीशी बोलून लावा. डिसेंबरात काळोख लवकर होतो, पण नऊनंतर थंडी झोंबते, म्हणून ‘उंबरठा’सारखा लांब चित्रपट तेव्हा सभागृहातच दाखवावा. मैदानात वारा सुटला तर पडदा फुगून चित्र लाटेसारखं हलतं. कडांना दर दोन फुटांवर दोर बांधायला लावा, आणि पाइपांच्या तळाला वाळूच्या गोणी.

बिल करताना प्रोजेक्टर, पडदा, आवाज, यूपीएस, जनरेटर आणि डिझेल वेगळं लिहून घ्या. वॉल नको म्हटलं की भाडं उतरायला हवं. तरी काही जण एकरकमी आकडा सांगून वॉलएवढंच भाडं लावतात. दुपारी उभारणी, संध्याकाळी दहा मिनिटांची चाचणी आणि कार्यक्रम संपेपर्यंत ऑपरेटर जागेवर, या तीन अटी मान्य करणाऱ्यालाच काम द्या. चाचणीसाठी गाणं लावू नका. ‘उंबरठा’तला रात्रीचा एखादा प्रसंग लावा, शेवटच्या रांगेत जाऊन उभे राहा, आणि तिथून स्मिताचे डोळे दिसतायत का ते बघा.