आईसाठी गाणी: फोनवरचं ॲप की पेनड्राइव्हचा रेडिओ?

घरातल्या वडीलधाऱ्यांना जुनी गाणी हवी असली की आपण इथेच अडतो. फोनवर ॲप टाकून द्यावं, की पेनड्राइव्ह लागणारा छोटा रेडिओ आणावा? आईसाठी मी दोन्ही करून पाहिलं.

ॲपची बाजू भक्कम आहे, हे आधीच सांगतो. आईला एखाद्या नाट्यपदाची अर्धीच ओळ आठवते. मी ती फोनला बोलून दाखवतो आणि तेच पद तीन-चार गायकांच्या आवाजात समोर येतं. एके काळी यासाठी कॅसेटच्या दुकानात खेटे घालावे लागायचे. तुमच्या घरी रोज नवं काहीतरी ऐकणारं माणूस असेल, तर ॲपच घ्या.

माझं मत फिरलं ते रामनवमीच्या सुमारास. आईने गीतरामायण लावायला सांगितलं. 1 एप्रिल 1955 ला पुणे आकाशवाणीवरून सुरू झालेली ही गाणी लोकांनी आठवड्याला एक अशी वर्षभर ऐकली. त्या वर्षी अधिक मास आला म्हणून 52 ची 56 झाली. गदिमांच्या शब्दांत आणि बाबूजींच्या चालींत कथा पुढे सरकत जाते, म्हणून क्रमाला महत्त्व. आमच्या फुकटच्या ॲपने मात्र गाणी मनाला येईल तशी लावली. रामजन्म व्हायच्या आत सेतू बांधून झाला, मध्येच खाद्यतेलाची जाहिरात. आई पोळ्या लाटत होती. कणकेचे हात तसेच धरून म्हणाली, "अरे, हे पुढचं आहे. जन्म कुठे गेला?"

पैसे भरले की क्रम मिळतो, जाहिराती जातात, हे मान्य. पण शेवटचं गाणं संपलं की ॲप आपणहून भलतंच काहीतरी जोडतं, आणि ते थांबवायला हात पुसून, कुलूप काढून फोन उघडावा लागतो. मला तेच सोसवलं नाही.

रेडिओला बटण आहे. पीठ लागलेल्या बोटानेही दाबता येतं. पेनड्राइव्ह नको असेल तेव्हा एफएमवर विविध भारती लागते. फोनमध्ये एफएम असलं तरी बहुतेक वेळा इअरफोनची वायर खोचावी लागते, कारण तीच ॲन्टेना होते. रेडिओचा आवाज थोडा पत्र्यासारखा येतो. तयार कानाला तो खटकेल. आईला खटकत नाही.

रेडिओ घ्यायचं ठरलंच, तर पेनड्राइव्ह 16 किंवा 32 जीबीचाच घ्या. 64 चा आमच्या रेडिओने ओळखलाच नाही. आणि घरच्या सीडीवरून गाणी उतरवताना नावाआधी 01, 02 असे आकडे टाका, शिवाय एकेक करून त्याच क्रमाने भरा. काही स्वस्त रेडिओ नाव बघत नाहीत, ज्या क्रमाने भरली त्याच क्रमाने वाजवतात. माझी एक संध्याकाळ त्यात गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी रामजन्म जागच्या जागी लागला.