सिंगापूरची ९६ तासांची विनाव्हिसा सवलत: सांगलीहून ऑस्ट्रेलियाला जाणाऱ्यांसाठी परीक्षण

सांगली-मिरजेतून मेलबर्न-सिडनीला मुलांकडे जाणारे आई-बाबा बहुतेक वेळा सिंगापूरमार्गे जातात. मुंबई ते सिंगापूर साधारण साडेपाच तास आणि पुढे सात-आठ तास, म्हणजे गुडघे दुखणाऱ्या माणसालाही झेपेल अशी विभागणी. मग साहजिक प्रश्न येतो की मध्ये दोन दिवस सिंगापूर बघून घेता येईल का? भारतीय पासपोर्टवर सिंगापूरला एरवी व्हिसा लागतो. पण 'व्हिसा फ्री ट्रान्झिट फॅसिलिटी' नावाची एक सवलत आहे, जिच्यात ९६ तासांपर्यंत व्हिसाशिवाय शहरात राहता येतं. हे परीक्षण त्या सवलतीचं.

मत आधीच सांगतो. भारतीय पासपोर्टला वाटेवरच्या देशांत ज्या सवलती मिळतात, त्यांत ही सगळ्यात सुटसुटीत आहे. फी नाही, आधी अर्ज नाही, एजंट नाही. मात्र तो हक्क नाही. आत सोडायचं की नाही हे सिंगापूरचा इमिग्रेशन अधिकारी ठरवतो, आणि एखादी अट चुकली तर सिंगापूर लांबच, मुंबईच्या चेक-इन काउंटरवरच गाडी अडते.

अटी नीट समजून घ्या, कारण अर्धवट माहिती इथेच नडते. पहिली अट, तुम्ही खरोखर तिसऱ्या देशात जात किंवा तिथून येत असायला हवं. मुंबई-सिंगापूर-मेलबर्न चालतं. मुंबई-सिंगापूर-मुंबई हे ट्रान्झिट होत नाही, ती सरळ सिंगापूरची सहल झाली आणि तिला व्हिसा लागतो. दुसरी अट, ९६ तासांच्या आत सिंगापूर सोडण्याचं पक्कं तिकीट हातात हवं. 'नंतर काढू' चालत नाही. तिसरी, आणि सगळ्यात महत्त्वाची अट: ऑस्ट्रेलिया, कॅनडा, जर्मनी, जपान, न्यूझीलंड, स्वित्झर्लंड, ब्रिटन किंवा अमेरिका या आठांपैकी एका देशाचा वैध व्हिसा किंवा दीर्घ मुदतीचा परवाना हवा, आणि सिंगापूरला उतरता त्या दिवशी त्याची किमान एक महिना मुदत शिल्लक हवी.

या यादीत अख्खं शेंगेन, म्हणजे एकाच सामाईक व्हिसावर फिरता येणारा युरोपीय देशांचा गट, नाही, हे लक्षात ठेवा. इटलीचा किंवा फ्रान्सचा स्टिकर पासपोर्टवर असेल तर इथे त्याचा उपयोग नाही.

एक महिन्याची अट जाताना सहसा अडचण करत नाही, येताना करते. नातवाच्या बारशाला गेलेली आजी तीन महिने राहते, व्हिसाची मुदत संपायला वीस दिवस उरलेले असताना परत निघते, आणि 'जाताना सोडलं होतं, येतानाही सोडतील' या भरवशावर सिंगापूरचं हॉटेल बुक झालेलं असतं. तसं गृहीत धरू नका. एकदाच प्रवेश देणारा व्हिसा असेल आणि तो वापरून झाला असेल, तर परतीला तो देणाऱ्या देशातून थेट सिंगापूरला यावं लागतं, मध्ये घरी येऊन गेलेलं चालत नाही. परतीचं हॉटेल बुक करण्याआधी ऑस्ट्रेलियन व्हिसाचं मंजुरीपत्र उघडून दोन गोष्टी वाचा: मुदतीची तारीख, आणि प्रवेश एकदा की अनेकदा.

ऑस्ट्रेलियाचा व्हिसा पासपोर्टवर चिकटत नाही, तो पासपोर्ट क्रमांकाला इलेक्ट्रॉनिक पद्धतीने जोडलेला असतो. त्यामुळे व्हिसा मिळाल्यानंतर पासपोर्टचं नूतनीकरण केलं तर नवा क्रमांक ऑस्ट्रेलियाच्या इमी-अकाउंटवर (व्हिसाच्या सरकारी ऑनलाइन खात्यावर) कळवावा लागतो. तो कळवला नसेल तर काउंटरवर नवा पासपोर्ट टाकल्यावर व्हिसा दिसतच नाही. मंजुरीपत्राची छापील प्रत जवळ ठेवा. मोबाइलमध्ये असतेच, पण रांगेत बॅटरी संपलेला मोबाइल कोणाच्या कामाचा नाही.

आता चेक-इन काउंटरबद्दल. तिथली मुलगी स्वतःच्या मनाने काही ठरवत नसते. विमान कंपन्या 'टिमॅटिक' ही आयाटाची, म्हणजे विमान कंपन्यांच्या जागतिक संघटनेची, माहितीप्रणाली वापरतात. पासपोर्ट कुठला, जायचं कुठे, मध्ये कुठे थांबणार, हातात कुठले व्हिसा, हे भरलं की नियम समोर येतो. कागदपत्रं अपुरी असलेला प्रवासी नेला तर बहुतेक देश विमान कंपनीला दंड करतात आणि परत न्यायची जबाबदारीही तिच्यावरच टाकतात, म्हणून तिथे गयावया करून काही होत नाही. तुमच्या बाजूने शब्द अचूक वापरा. 'आम्ही ट्रान्झिट आहोत' एवढंच म्हटलं तर ती समजते की तुम्ही विमानतळाच्या आतच राहणार. बाहेर जायचं असेल तर स्पष्ट सांगा: सिंगापूरमध्ये प्रवेश करणार, ९६ तासांच्या सवलतीवर, हा ऑस्ट्रेलियाचा व्हिसा आणि हे पुढचं तिकीट. टिमॅटिकवर चालणारी आयाटाची ट्रॅव्हल सेंटर ही वेबसाइट प्रवाशालाही वापरता येते. निघण्याच्या आदल्या आठवड्यात तिथे स्वतःचा मार्ग भरून बघा.

सिंगापूरमध्ये शिरणाऱ्या प्रत्येकाला 'एसजी अरायव्हल कार्ड' ऑनलाइन भरावं लागतं. पोहोचण्याचा दिवस धरून तीन दिवसांच्या आत ते भरता येतं, त्याआधी नाही. ते मोफत आहे. सर्च केल्यावर वरच्या वर येणाऱ्या काही साइट यासाठी पैसे मागतात, त्या सरकारी नाहीत. सांगलीहून पेठनाक्यावरून मुंबईकडे निघाल्यावर आठवण झाली तरी घाबरायचं कारण नाही, गाडीत बसून दहा मिनिटांत होतं. फक्त पासपोर्ट क्रमांक टाकताना शून्य आणि 'ओ' यांची गल्लत करू नका. विमानतळाच्या आतच थांबून, इमिग्रेशन न ओलांडता पुढे जाणाऱ्यांना हे कार्डही लागत नाही.

सामानाचा मुद्दा एजंटही पुष्कळदा सांगायचा विसरतात. विमान कंपन्यांच्या हिशेबात आंतरराष्ट्रीय प्रवासात २४ तासांपर्यंतचा थांबा म्हणजे ट्रान्झिट, त्यापुढे स्टॉपओव्हर. त्याने दोन गोष्टी बदलतात. भाडं बदलू शकतं, म्हणून दोन दिवस थांबायचं असेल तर साधं जाण्या-येण्याचं तिकीट न शोधता 'मल्टी-सिटी' मध्ये शोधा. आणि मोठी बॅग सिंगापूरला बाहेर येते, ती घेऊनच हॉटेलवर जावं लागतं. मुंबईला बॅग पट्ट्यावर जाण्याआधी तिचा टॅग स्वतः वाचा. 'एमईएल' छापलं असेल तर ती थेट मेलबर्नला जाणार, 'एसआयएन' असेल तर सिंगापूरच्या चांगी विमानतळावरच्या पट्ट्यावर येणार. रक्तदाबाच्या गोळ्या कुठल्या बॅगेत ठेवायच्या हे त्या तीन अक्षरांवर ठरतं. खरं तर त्या हातातल्या पिशवीतच ठेवाव्यात.

बॅग बाहेर येणार म्हणजे ती सिंगापूरच्या कस्टममधूनही जाणार. आपल्याकडच्या बायका-माणसांना यात सगळ्यात जास्त धोका तंबाखूचा आहे. सिंगापुरात चघळायचा तंबाखू, गुटखा, खैनी आणायला बंदी आहे. आजीच्या मशेरीची डबी त्याच जातीची वस्तू, ती घरीच ठेवा. सिगारेटला करमुक्त सूट नाही, एक पाकीटसुद्धा जाहीर करून कर भरावा लागतो. व्हेप आणि च्युइंगगमवरही बंदी आहे. खसखस नको. दिवाळीच्या दिवसांत अनारसे घेऊन जाताना त्यावरची खसखस कोणाच्या डोक्यातही येत नाही, पण दुबईमार्गे जाऊन तिथे बाहेर पडणार असाल तर ती गंभीर बाब आहे. संयुक्त अरब अमिरातीत खसखस अमली पदार्थांच्या कायद्यात मोडते.

दोन वेगळी तिकिटं काढून पैसे वाचवणाऱ्यांसाठी: मुंबई-सिंगापूर एका कंपनीचं आणि सिंगापूर-पर्थ दुसऱ्या स्वस्त कंपनीचं असेल, तर बॅग घ्यायला बहुधा इमिग्रेशन ओलांडावंच लागतं. म्हणजे 'आम्ही बाहेर पडणारच नाही' म्हणणाऱ्यालाही या सवलतीच्या सगळ्या अटी लागू होतात. पहिलं विमान उशिरा आलं तर दुसरी कंपनी जबाबदार नाही. वयस्कर जोडप्याला असं तिकीट काढून देऊ नये, हे आमचं ठाम मत.

थांबा दहा-बारा तासांचाच असेल तर? साडेपाच ते चोवीस तासांच्या थांब्याला चांगी विमानतळ मोफत शहरदर्शन देतं, सुमारे अडीच तासांचं. पण त्यासाठीही इमिग्रेशन ओलांडावं लागतं, म्हणजे अट तीच. तो मोठा धबधबा असलेलं ज्वेल हे विमानतळावरचं मॉलसंकुलसुद्धा इमिग्रेशनच्या बाहेरच्या बाजूला आहे. अटीत बसत नसाल तर आत राहूनही दिवस चांगला जातो. टर्मिनल १, २ आणि ३ आतूनच स्कायट्रेनने जोडलेले आहेत, ४ ला बस आहे. सिंगापूरचं घड्याळ आपल्यापेक्षा अडीच तास पुढे असतं, पुढच्या विमानाची वेळ त्या घड्याळाने धरा.

कोणी या सवलतीवर विसंबू नये, तेही सांगायला हवं. इंग्रजीत चार प्रश्नांची उत्तरं देताना गडबडणारे, पहिल्यांदाच परदेशी निघालेले आणि परतीला व्हिसाची मुदत काठावर असलेले, यांनी सिंगापूरचा साधा व्हिसा काढावा. अर्जाची सरकारी फी ३० सिंगापूर डॉलर आहे, वर अधिकृत एजंटचा आकार. अधिकाऱ्यासमोर काय बोलायचं याची धाकधूक उरत नाही, त्यापुढे तेवढे पैसे काहीच नाहीत.

इतर मार्गांशी तुलना थोडक्यात. हाँगकाँगला भारतीयांनी आधी ऑनलाइन नोंदणी करायची, चिठ्ठी छापून घ्यायची, मग १४ दिवसांपर्यंत राहता येतं. नोंदणी सहा महिने चालते आणि आठ देशांच्या व्हिसाची अट नाही. ऑस्ट्रेलियाला जाताना हाही चांगला पर्याय. चीनच्या २४० तासांच्या सवलतीचे व्हिडिओ सध्या घरोघरी फिरतायत, पण त्या यादीत भारत नाही. आपल्याला तिथे तिसऱ्या देशाच्या पक्क्या तिकिटावर २४ तासांची सवलत आहे, तीही सगळ्या विमानतळांवर नाही. दुबईत ट्रान्झिट व्हिसा आधी विमान कंपनीमार्फत काढावा लागतो, ४८ तासांचा मोफत आणि ९६ तासांचा ५० दिरहॅमना.

युरोपचा मार्ग सगळ्यात गुंतागुंतीचा. शेंगेनमधल्या दोन विमानतळांवर विमान बदललं, समजा ॲमस्टरडॅम आणि मग व्हिएन्ना, तर तुम्ही शेंगेनमध्ये शिरलात. तिथे विमानतळापुरता ट्रान्झिट व्हिसाही पुरत नाही, पूर्ण शेंगेन व्हिसा लागतो. एकाच विमानतळावर बदल असेल तर कुठला देश भारतीयांकडून विमानतळ-व्हिसा मागतो ते देशागणिक वेगळं आहे. अमेरिका, कॅनडा किंवा जपानचा वैध व्हिसा असलेल्यांना त्यातून सूट आहे. ब्रिटन युरोपीय संघातून बाहेर पडल्यापासून ब्रिटिश व्हिसावर ही सूट मिळत नाही, आणि लंडनला शिकणारी मुलं इथेच फसतात. जर्मनीने जानेवारी २०२६ मध्ये भारतीयांना विमानतळावर विनाव्हिसा ट्रान्झिट देण्याची घोषणा केली. घोषणा आणि अंमलबजावणी यांत अंतर असू शकतं, म्हणून तिकीट काढण्याच्या दिवशी टिमॅटिक काय दाखवतं तेच धरायचं.

लंडनला आतल्या आत विमान बदलायलाही भारतीयांना ट्रान्झिट व्हिसा लागतो. अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंडच्या व्हिसावर सूट आहे, पण इलेक्ट्रॉनिक व्हिसा बहुतेक वेळा धरत नाहीत. अमेरिकेत आतल्या आत ट्रान्झिट ही सोयच नाही. उतरलं की इमिग्रेशन आणि सामान, त्यामुळे व्हिसा हवाच. टोरंटोमार्गे न्यूयॉर्कला जायचं तर अमेरिकेचा व्हिसा असूनही कॅनडाचा ट्रान्झिट व्हिसा लागतो. तो मोफत आहे आणि ४८ तासांच्या आतल्या थांब्यासाठी आहे, पण अर्ज आधीच करावा लागतो.

पुन्हा आपल्या मार्गावर. सिंगापूरच्या दोन दिवसांनंतर मेलबर्नला उतरताना विमानात प्रवासी कार्ड हातात येतं. त्यावर खाण्याचे पदार्थ आहेत का, या प्रश्नाला 'होय' म्हणा. हळद, तासगावचे बेदाणे, भडंग, मसाले, सगळं जाहीर करा आणि पिशव्या वरच्या वर ठेवा, म्हणजे दाखवायला बॅग उपसावी लागत नाही. जाहीर केलेला पदार्थ चालत नसेल तर काढून घेतात आणि विषय तिथेच संपतो. लपवलेला सापडला तर दंड होतो, व्हिसाही रद्द होऊ शकतो. बेदाण्यांच्या पुड्यावर दुकानाचं छापील लेबल असू द्या. सुट्या पिशवीपेक्षा ते दाखवणं सोपं जातं.